घुमटाखाली माय बोलली

माझा आवाज मोठा आहे हे मला शाळेत जाईपर्यंत माहीतच नव्हतं, कारण आमच्या घरात सगळ्यांचेच आवाज मोठे होते. बमरोलीला आम्ही राहायचो त्या इमारतीच्या खालच्या मजल्यावर बत्तीस मागांचं खातं होतं. सुरतेत यंत्रमागाच्या कारखान्याला खातं म्हणतात. खाली माग, वर आम्ही. आबा खाली माग चालवायचे, माय त्यांच्याच कडेला बसून धोट्यात घालायच्या कांड्यांवर सूत भरायची, आणि मी वरच्या खोलीत जमिनीवर वही ठेवून अभ्यासाला बसले की अक्षरं जराशी थरथरायची. डब्यांची झाकणं, ताटल्या, खिळ्याला टांगलेला आरसा, सगळं दिवसभर बारीक वाजत असायचं. गावाकडून आलेले पाहुणे पहिल्याच दिवशी विचारायचे, तुम्ही यात जगता कसे? आम्ही म्हणायचो, काय? ते पुन्हा विचारायचे आणि आम्ही पुन्हा म्हणायचो, काय? आठवड्यातून एक दिवस लाइटची सुट्टी असे. त्या दिवशी माग बंद, सगळी गल्ली गप्प, आणि तरी आम्ही मीठसुद्धा ओरडूनच मागायचो. आता माझ्या घरी पंख्याचा आवाज झाला तरी सून मेकॅनिकला बोलावते. मला मात्र पूर्ण शांतता झाली की काहीतरी बिघडलंय असं वाटतं.

खात्यात बोलायची आमची एक वेगळी रीत होती. लांबच्याशी बोलायचं तर हातांनी. दोन बोटं जुळवून फट्दिशी वेगळी केली की सुताची तार तुटली. अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर चोळली की गाठ मार. हाताचा पंजा खाली दाबला की माग थांबव, आणि एक बोट हवेत गोल फिरवलं की चालू ठेव. बाकीचं सगळं ओठांवरून वाचायचं. आबांचे कान पंचवीस वर्षांत मागांनी खाऊन टाकले होते, पण समोरच्या रांगेतला माणूस काय पुटपुटतोय ते त्यांना बरोबर कळे. शेठच्या मेहतानं, म्हणजे मुनिमानं, तोंडातल्या तोंडात दिलेली शिवी ते त्याला परत शब्दशः ऐकवायचे. मीही लहानपणापासून ओठ वाचायला शिकले, चालायला शिकावं तसं. आणि जवळच्या माणसाला गुपित सांगायचं असेल तर त्याच्या कानाला तोंड लावायचं आणि बिनधास्त बोलायचं. भर खात्यात, सगळ्या माणसांत, बायका एकमेकींना नणंदांच्या, सासवांच्या, पोटातल्या बाळांच्या गोष्टी सांगायच्या. कोण ऐकणार? मागांच्या त्या खटाखटीचा पडदा कुठल्याही भिंतीपेक्षा जाड होता. मायचा सगळा जन्म या पडद्याआड बोलण्यात गेला होता, हे पुढचं समजण्यासाठी आधी सांगून ठेवते.

शाळेत माझ्या आवाजाचं सोनं केलं ते इतिहासाच्या बाईंनी. त्यांचा घसा सदा बसलेला. कतारगाम दरवाज्याकडे गोऱ्यांचं जुनं कबरस्तान आहे, तिथे दरवर्षी त्या आठवीच्या मुलींना न्यायच्या. कबरस्तान म्हटलं तर डोळ्यांसमोर येतं तसं ते नाही. जुन्या काळी सुरतेत व्यापाराला आलेल्या साहेबांनी इथे मरताना सुद्धा थाट सोडला नाही. एकेकाची कबर दोन दोन मजली, खांबांची, कमानींची, वर घुमट. त्यातली सगळ्यात मोठी तर लांबून कुणाला देऊळ वाटावी, कुणाला दर्गा, कुणाला चर्च. बाई म्हणायच्या, स्वतःच्या देशातल्या मोठ्या चर्चची आठवण यावी म्हणूनच त्यांनी ती तशी बांधली असणार. तर बाई माझ्या कानात माहिती सांगणार आणि मी ती पन्नास मुलींना ऐकू जाईल अशी सांगणार, असं सुरू झालं. दुसऱ्या वर्षी बाईंनी कानात सांगायचंही सोडलं. मला सगळं पाठ होतं. बारावीपर्यंत मी शाळेची ठरलेली गाइड झाले. कुणी तपासनीस आले, कुणी पाहुणे आले की मंगलाला बोलवा. तिथले रखवालदार नटुकाका मला पाहिलं की न विचारता जिन्याची किल्ली काढायचे.

जिना हीच खरी मजा होती. भिंतीच्या पोटातून वर जाणारा, एका वेळी एकच माणूस मावेल इतका अरुंद, आणि मध्ये बारा पायऱ्या मिट्ट अंधाराच्या. माझं ठरलेलं सांगणं असे: डावा हात भिंतीला, उजव्या हातानं पदर किंवा ओढणी धरा, पायरी मोजू नका, मोजलीत की दम लागतो. वर गेलं की घुमटाच्या पोटाला आतून गोल फिरणारा एक सज्जा होता, जेमतेम दोन हात रुंद, पुढे कमरेइतका कठडा. आणि तिथे ती करामत होती. भिंतीला पाठ लावून कुणी कुजबुजलं तर ते थेट समोरच्या बाजूला, चाळीस पावलांवर, कानात बोलल्यासारखं ऐकू यायचं. पहिल्यांदा बाईंनी मला समोर उभं केलं, स्वतः पलीकडे गेल्या आणि नुसता श्वास सोडावा तशा म्हणाल्या, मंगला, तुझी रिबीन सुटली आहे. मी मागे वळून पाहिलं, मागे कुणी नव्हतं. मग मी उत्तर दिलं ते आमच्या घरच्या आवाजात, आणि सगळा घुमट असा दणाणला की कबुतरं उडाली आणि खाली नटुकाका धावत आले. त्या दिवशी बाईंनी मला एक गोष्ट शिकवली. इथे जितकं हळू बोलशील तितकं लांब जाईल, म्हणाल्या. पुढे तीस वर्षं मी वर्गात उभी राहिले, तेव्हा शेवटच्या बाकावरच्या द्वाड पोराला गप्प करायला मी हीच युक्ती वापरली.

मला बाई व्हायचं होतं. बारावीचा निकाल चांगला लागला होता आणि पी.टी.सी.ला, म्हणजे प्राथमिक शिक्षिकेच्या दोन वर्षांच्या कोर्सला, मी अर्ज केला होता. कॉलेजचं पत्र येईल, त्यात दिलेल्या तारखेला हजर व्हायचं, नाही झालात तर जागा दुसऱ्याला, असं बाईंनी बजावलं होतं. माझ्या बरोबरच्या एका मुलीला पत्र येऊनही गेलं. मी रोज टपालवाल्याच्या वेळेला दारात. तो सायकल न थांबवता मान हलवून पुढे जायचा. मला वाटे, अजून नाही आलं. तो खरं तर काय म्हणत होता ते मला नंतर कळलं.

नेमकं त्याच आठवड्यात माझ्यासाठी स्थळ आलं. शहाद्याकडचं गाव, मायच्या चुलतभावानं सुचवलेलं. मुलगा सुभाष, साखर कारखान्यात उसाच्या काट्यावर कामाला. त्याच्याबरोबर त्याची आई आणि मामा असे तिघं दोन दिवस आमच्याकडे आले. आबांनी पहिल्याच संध्याकाळी सगळ्यांदेखत सांगून टाकलं की बोलणी पक्की करू, पण पोर आधी दोन वर्षं शिकेल, मग लग्न. आबा सांगायचे म्हणजे खालच्या गल्लीला कळायचं, त्यामुळे न ऐकल्याची सबब कुणालाच नव्हती. मामांनी मान हलवली, सुभाषच्या आईनं मायकडे पाहिलं, मायनं सगळ्यांना आणखी भरीत वाढलं. त्या दोन दिवसांत मायनं हात आखडला नाही. कळण्याची भाकरी, वांग्याचं भरीत, शेवभाजी. सकाळी आबा नाक्यावरून गरम लोचो, म्हणजे वाफवलेल्या डाळीचा सुरती नाश्ता, घेऊन आले तर मामा त्या पिवळ्या गोळ्याकडे बघत राहिले, काहीतरी करायला गेले आणि बिघडलं असं त्यांना वाटलं असावं, आणि मग तीन पुड्या खाल्ल्या. मला मायनं एकच शिकवण दिली होती, हळू बोल. मी पाणी दिलं की ती डोळ्यांनी म्हणे, हळू. मी उठून चालू लागले तरी म्हणे, हळू. दोन दिवस मी इतकी हळू बोलले की सुभाषच्या आईनं तिसऱ्यांदा विचारलं, पोरीला बरं नाही का?

आणि खोटं कशाला बोलू, सुभाष मला आवडला होता. उंच, सावळा, थोडा वाकून चालणारा. जेवताना त्यानं स्वतःचं ताट स्वतः उचलून मोरीत नेऊन ठेवलं तेव्हा मायनं जीभ चावली आणि माझ्या मनात काहीतरी हललं. दोन वर्षांनी याच्याशी लग्न, हे चित्र मला अजिबात वाईट वाटत नव्हतं. या वयात हे लिहायला मला लाज वाटायचं कारण नाही.

दुसरा दिवस लाइटच्या सुट्टीचा होता. गावाकडून आलेल्या पाहुण्याला सुरत दाखवल्याशिवाय परत पाठवायचं नाही, हा आमच्याकडचा नियम. किल्ला, तापीचा पूल, चौपाटी हे झालं, तेव्हा मामा म्हणाले, काहीतरी उंच दाखवा. मी पटकन म्हणाले, घुमट दाखवते. हळू बोलायचं विसरलेच. मायनं विचारलं, कसला घुमट? मी म्हटलं, जुना आहे, फार मोठा, आमच्या बाई नेतात. कबर हा शब्द मी घरी कधी उच्चारलाच नव्हता, नाहीतर मायनं मला आठवीतच तिथे जाऊ दिलं नसतं. जुना आणि घुमट म्हटल्यावर मायच्या मनात देव आलाच. तिनं वाटेत नारळ घेतला, हळदीकुंकवाची पुडी पिशवीत होतीच. रिक्षातून उतरल्यावर नटुकाकांनी नारळ पाहिला, माझ्याकडे पाहिलं, मी त्यांच्याकडे असं पाहिलं की ते पुढचं बोलले नाहीत. मायनं सगळ्यात मोठ्या कबरीच्या पायरीवर नारळ ठेवला, कुंकू लावलं, हात जोडले. सुभाषच्या आईनंही जोडले. कुणा साहेबाला इतक्या वर्षांनी पहिल्यांदाच कुंकू लागलं असेल.

मग मी गाइड झाले आणि मला एकदम मोकळं वाटलं. दोन दिवस बांधून ठेवलेले हातपाय सोडावेत तसं. खांब कुठल्या दगडाचे, चुना कशात घोटला, कमानी आपल्या कारागिरांच्या आणि आराखडा त्यांचा, हे सगळं मी ठणकावून सांगितलं आणि सुभाष मध्येच दोन चांगले प्रश्न विचारत राहिला. मामांनी जिना पाहिला, स्वतःचं पोट पाहिलं आणि मी खालीच बसतो म्हणाले. त्यांना नटुकाकांपाशी बसवून आम्ही पाच जण चढलो. पुढे मी, मग सुभाष, मग आबा, आणि मागून माय आणि सुभाषची आई. डावा हात भिंतीला, पदर धरा, पायऱ्या मोजू नका. अंधाराच्या बारा पायऱ्यांत मायनं मोठ्यानं देवाचं नाव घेतलं. वर पोचलो तेव्हा दोघी बायकांना इतका दम लागला होता की त्या जिन्याच्या तोंडाशीच भिंतीला टेकून उभ्या राहिल्या. मी म्हटलं, तुम्ही श्वास घ्या, मी यांना पलीकडून झरोके दाखवते. आम्ही तिघं सज्ज्यावरून अर्धा घुमट फिरून समोरच्या बाजूला गेलो. करामत सांगायची मी मुद्दाम राखून ठेवली होती. ती नेहमी सगळ्यात शेवटी सांगायची असते.

आबा आणि सुभाष कठड्याशी उभे राहून खाली बघत होते, आणि मी भिंतीला पाठ लावून, पुढे काय सांगायचं याची मनात जुळणी करत होते. तेवढ्यात माझ्या कानात माय बोलली. पलीकडे तिनं सुभाषच्या आईच्या कानाला तोंड लावलं होतं, अगदी खात्यात लावायची तसं, आणि खात्यातल्यासारखीच निर्धास्त, आमच्या गावाकडच्या बोलीत, बोलत होती.

"ताई, यासनं बोलनं मनवर लेऊ नका. दिवाळीलेच लगीन करी टाका. पोर दोन दिन रडी, मंग इसरी जाई. कालेजनं पत्र येल शे, आठ दिन व्हई ग्यात. मी लपाडी ठेयेल शे."

एकेक शब्द स्वच्छ: आबांचं बोलणं मनावर घेऊ नका, दिवाळीलाच लग्न उरकून टाका. माझ्या कानाशी हात घातला तर मायच्या ओठांना लागेल असं वाटलं. पत्र आलं होतं. आठ दिवस झाले होते. मी रोज ज्या दारात उभी राहत होते त्याच दारातून ते माझ्या आधी घरात शिरलं होतं, आणि टपालवाला मान हलवत होता ती नाही म्हणून नव्हे, तर दिलं आहे की तुमच्या आईकडे म्हणून. मला राग आला, फार आला, आणि त्याच वेळी सुभाष दोन हातांच्या अंतरावर उभा होता आणि मला तो आवडत होता. गप्प बसले असते तर दिवाळीत लग्न झालं असतं, आणि ते वाईट झालं असतं असं आजही मी छातीठोक म्हणू शकत नाही. पण मी बाई झाले नसते, एवढं नक्की होतं.

मी आबांकडे पाहिलं. त्यांना घुमटाची करामत काय कामाची, त्यांच्या कानांत काहीच शिरत नव्हतं. पण ते आता खाली बघत नव्हते. ते समोर मायच्या ओठांकडे बघत होते. बत्तीस मागांपलीकडचं पुटपुटणं वाचणारा माणूस, त्याला चाळीस पावलं ती काय. त्यांचा चेहरा मी कधी तसा पाहिला नव्हता. त्यांनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं आणि माझ्या डोळ्यांत बघून त्यांना समजलं की मलाही कळलं आहे. मग त्यांनी हात वर केला. दोन बोटं जुळवली आणि वेगळी केली. तार तुटली. अंगठा तर्जनीवर चोळला. गाठ मार. आणि एक बोट हवेत गोल फिरवलं, एकदा, दोनदा, तीनदा. चालू ठेव.

तेव्हा मी बोलले, बाईंनी शिकवल्याप्रमाणे, श्वास सोडावा इतक्या हळू. "माय, ह्या घुमटमा भिंतपान बोलेल समदं समोर आयकू येस. हीच ह्या जागानी गंमत शे." पलीकडे मायचा हात तोंडावर गेला. मी थांबले नाही, थांबले असते तर पुन्हा बोलू शकले नसते. सुभाषच्या आईला म्हणाले की मावशी, मी दोन वर्षं शिकणार आहे, तुम्ही थांबलात तर मला आनंद होईल, नाही थांबलात तर माझा राग नाही.

ती बाई फार शहाणी होती. तिनं भिंतीला नीट पाठ टेकली, माझ्याकडे सरळ पाहिलं, आणि तीही हळूच बोलली. तिच्या घरी नवरा दोन वर्षांपासून अंथरुणाला खिळला होता, गुरं होती, ती एकटी होती, तिला दिवाळीच्या आत घरात माणूस हवं होतं. थांबवणार नाही पोरी तुला, म्हणाली, पण मला थांबता येणार नाही. यात कुणाची चूक होती? मी अजून विचार करते आणि कुणाचीच सापडत नाही. सुभाष कठडा धरून खाली बघत राहिला. त्याचे कान लाल झाले होते, हे मला दिसलं, आणि मला रडू आलं, पण मी ते गिळलं. टूर अर्धवट सोडायची नसते. मी सगळ्यांना झरोक्यातून बाहेरच्या गच्चीवर नेलं, तापी दाखवली, उधन्याकडची धुरांडी दाखवली, आपलं बमरोली त्या बाजूला म्हणून सांगितलं. माझा आवाज एकदाही फुटला नाही, याचा मला अजून अभिमान आहे. उतरताना अंधाराच्या बारा पायऱ्यांत सुभाष माझ्या मागे होता. त्यानं एवढंच म्हटलं, "तुम्ही बाईच व्हा. तुमले आवाज शे." सगळ्या जन्मात माझ्या आवाजाची अशी तारीफ दुसऱ्या कुणी केली नाही.

खाली मामा उभेच होते, लालबुंद. नटुकाकांनी गप्पांच्या भरात त्यांना सगळं सांगून टाकलं होतं. आपण मढ्याच्या डोक्यावर नाचून आलो, सोयरीक बघायला आलो आणि मसणात नारळ ठेवला, असं मामा म्हणू लागले. मायचा चेहरा पांढरा पडला. सुभाषच्या आईनं मात्र भावाला दोन शब्दांत गप्प केलं आणि मला जवळ घेऊन माझ्या पाठीवरून हात फिरवला. गावात सांगू, म्हणाली, की जागा शुभ नव्हती म्हणून मोडलं. पोरीला बोल लागणार नाही. आणि तिनं तसंच सांगितलं. आमच्या सगळ्या नात्यात अजून लोक म्हणतात की मंगलाचं पहिलं स्थळ एका गोऱ्या साहेबाच्या भुतानं मोडलं. मी कधी ते खोडून काढलं नाही. ज्यानं मोडलं नाही त्या बिचाऱ्याला निदान नारळ तरी मिळायला हवा होता; तोही नटुकाकांनी खाल्ला.

पाहुणे संध्याकाळच्या गाडीनं गेले. आम्ही तिघं घरी आलो. माग बंद, गल्ली शांत, ताटल्यासुद्धा वाजत नव्हत्या. माय स्वयंपाक करत राहिली, आणि मी पत्र मागितलं नाही. ती स्वतःहून देईपर्यंत मागायचं नाही, असा मी हट्ट धरला होता. आबांनी हातानं सांगितलं होतं ते पुरेसं होतं, आणि त्यातली मधली खूण, गाठ मारायची, ती माझ्यासाठी होती की मायसाठी, हे त्यांनी सांगितलं नाही.

सकाळी सातला माग सुरू झाले. आरसा वाजू लागला आणि मला श्वास घेता आल्यासारखं वाटलं. थोड्या वेळानं मी आबांचा चहा घेऊन खाली खात्यात गेले. आबांनी कप घेतला आणि हनुवटीनं मायकडे खूण केली. माय तिच्या जागी, कांड्यांच्या टोपलीशी बसली होती. मला पाहून तिनं टोपलीत हात घातला, कांड्यांच्या खालून, तळातून, ते पाकीट काढलं. तेलाचा एक डाग पडला होता, पण फोडलेलं नव्हतं. तिला वाचता येत नव्हतं, कॉलेजचं म्हणून टपालवाल्यानं सांगितलं असणार, आणि वाचता येणाऱ्या कुणाकडे ते नेण्याचं धाडस तिला झालं नसावं. मी तिच्यासमोर बसून ते फोडलं. हजर व्हायची तारीख तिसऱ्या दिवसाची होती. मी तिच्यासमोर तीन बोटं धरली. तिला कळलं.

मग ती बोलली. तिनं माझ्या कानाला तोंड लावलं नाही. समोर बसूनच बोलली, नुसते ओठ हलवून, बत्तीस मागांच्या त्या आवाजात, जिथे जगात कुणालाच काही ऐकू येत नाही. मी ते वाचलं.

"तू बाई व्हई जाशी, मंग माले वळखशी का?"

माझा सगळा राग तिथेच गेला. आठ दिवस तिनं ते पाकीट कांड्यांखाली दाबून ठेवलं होतं ते या एका भीतीपायी. गावात दिली असती तर मी चूल फुंकणारी, शेण काढणारी, तिच्यासारखीच बाई राहिले असते, आणि तिची राहिले असते. शिकलेल्या पोरीच्या दारात आपण कोण म्हणून उभं राहायचं, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. मी तिचे दोन्ही हात धरले, ते तेलकट होते, आणि तिच्यासारखेच नुसते ओठ हलवून म्हटलं, "वळखसू."

मायनं मान हलवली. तिचं समाधान झालं नव्हतं. जन्मभर मला हळू बोल, हळू बोल म्हणणाऱ्या माझ्या मायनं आता स्वतःच्या कानामागे हात धरला आणि म्हणाली, "जोरमा सांग."

मी उभी राहिले, छाती भरून श्वास घेतला आणि सांगितलं. सगळ्या खात्यानं माना वळवल्या. पलीकडे आबा, ज्यांना दहा वर्षांपासून कुणाचं काही ऐकू येत नव्हतं, तेही वळले.